‘आणि त्यांना आलेली पत्रे’

६ डिसेंबरला चैत्यभूमीवर आणि धम्मचक्र प्रवर्तन दिनी दीक्षाभूमीवर पुस्तकांच्या स्टॉलपुढे झुंबड असते. त्यात ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर : रायटिंग्ज अँड स्पीचेस’ हे महाराष्ट्र शासनाचे खंड मागणारे पुष्कळ असतात आणि ‘संपले’ एवढेच उत्तर घेऊन परतणारेही कमी नसतात. २०२१च्या डिसेंबरात मुंबई उच्च न्यायालयाने ‘लोकसत्ता’च्या बातमीची स्वतःहून दखल घेतली, ती याच दुखण्यापायी. नऊ लाख प्रतींचा संकल्प, ५ कोटी ४५ लाखांची कागदखरेदी आणि चार वर्षांत छापून झालेल्या प्रती जेमतेम ३३ हजार, असे ती बातमी सांगत होती.

छपाईवर बोलणारे बरेच आहेत आणि त्यांनी बोलत राहावे. या स्तंभाची आजची तक्रार मात्र या खंडांत जे घेतलेच गेले नाही त्याविषयी आहे.

आधी ऋण मान्य करू. १९७६ साली शासनाने समिती नेमली आणि १९७९च्या आंबेडकर जयंतीला पहिला खंड निघाला. त्यामागचे कष्ट संपादक वसंत मून यांचे. बाबासाहेबांच्या निधनानंतर त्यांच्या कागदांच्या पेट्या आधी न्यायालयाच्या आणि पुढे राज्याच्या अ‍ॅडमिनिस्ट्रेटर जनरलच्या ताब्यात पडून होत्या. त्या हाती आल्यावर अपुरी हस्तलिखिते लावणे, पानापानाचा मेळ घालणे हे सारे मून यांनी निस्तरले. १९८७ साली निघालेल्या चौथ्या खंडातल्या ‘रिडल्स इन हिंदुइझम’वरून वादळ उठले आणि मोर्च्याला मोर्च्याने उत्तर मिळाले. अखेर या मतांशी शासन सहमत असेलच असे नाही, अशा आशयाची टीप जोडून मजकूर कायम राहिला. सरकारी प्रकाशनाने एवढे सोसावे ही लहान गोष्ट नव्हे. २००२ साली मून गेले. पुढचे खंड हरी नरके आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काढले.

तरीही या मालेचे नावच तिची मर्यादा सांगते. ‘लेखन आणि भाषणे’ म्हणजे बाबासाहेब काय म्हणाले ते. त्यांना कोण काय म्हणत होते, कोण आर्जव करत होते, कोण अडवत होते, हे बहुतेक ठिकाणी वाचकाने अंदाजाने भरून घ्यायचे. याला मोठा अपवाद हिंदू कोड बिलावरच्या चौदाव्या खंडाचा. त्यात सभागृहातले विरोधकही बोलतात. नझिरुद्दीन अहमद नियमांवर बोट ठेवून पुन्हा पुन्हा उठतात आणि त्यांना उत्तर देताना कायदामंत्री बाबासाहेबांची तयारी, चिकाटी आणि क्वचित सुटणारा संयम, सगळे समोर येते. तेच भाषण एकटे छापले असते तर तो नुसता विद्वत्तेचा नमुना ठरला असता.

पत्रांचेही तसेच आहे. १९४६ साली बाबासाहेबांनी अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. द्यु बॉइस यांना पत्र लिहिले. तिथल्या कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत त्यांना हवी होती. जुलैअखेरीस द्यु बॉइस यांचे उत्तर आले. प्रश्न आणि उत्तर दोन्ही आज कोणालाही एकत्र वाचता येतात, कारण मॅसॅच्युसेट्स विद्यापीठाने द्यु बॉइस यांचे दप्तर जपले आणि इंटरनेटवर खुले केले.

अमेरिकेत दोन्ही बाजूंची पत्रे एकत्र देण्याचा हा शिरस्ता जुना आहे. १९५० साली ज्युलियन बॉइड यांच्या संपादनाखाली प्रिन्स्टनहून अमेरिकी स्वातंत्र्याचा जाहीरनामा लिहिणारे थॉमस जेफरसन यांच्या कागदपत्रांचा पहिला खंड निघाला, तेव्हाच जेफरसन यांना आलेली पत्रेही घ्यायची असे ठरले होते. त्यामुळे १७९१ सालचे बेंजामिन बॅनेकर यांचे पत्र तिथे आहे. पंचांगे तयार करणारा हा स्वतंत्र कृष्णवर्णीय गणिती जेफरसन यांना सुनावतो, की सर्व माणसे समान असे तुम्हीच लिहिलेत आणि तुम्हीच माणसांना दास करून ठेवता. जेफरसन यांचे उत्तर सभ्य आहे, पण स्वतःच्या मळ्यावरच्या गुलामांबद्दल त्यात अक्षर नाही. सवाल शेजारी छापलेला नसता तर ही बगल कोणाच्या लक्षात आली असती?

अशा कामाला वेळ लागतो, पैसा लागतो. जेफरसनमाला अजून पुरी झालेली नाही आणि अमेरिकेच्या संस्थापकांच्या अशा साऱ्या मालांच्या संथपणावर २००८ साली सिनेटच्या समितीपुढे सुनावणीही झाली. २०१३ साली ‘फाउंडर्स ऑनलाइन’ हे संकेतस्थळ सुरू झाले आणि वॉशिंग्टनपासून मॅडिसनपर्यंतची दप्तरे टिपांसकट फुकट वाचता येऊ लागली. महागडे खंड घेणे न परवडणाऱ्याचीही सोय झाली.

आपल्याकडे ही दृष्टी नव्हती असे नाही. इतिहाससंशोधक राजवाड्यांनी १८९८पासून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ छापली आणि सरदेसायांनी १९३०च्या दशकात पेशवे दप्तरातल्या निवडक कागदांचे ४५ खंड काढले. त्यांत पेशव्यांची आज्ञापत्रे आहेत, तशा पेशव्यांपुढे मांडलेल्या तक्रारी, वकिलांच्या बातम्या आणि सरदारांची रडगाणीही आहेत. पुढे थोरांचे ‘समग्र वाङ्मय’ काढताना आपण दप्तराची रीत सोडली आणि ग्रंथावलीची धरली. गांधीजींच्या शंभर खंडांतही मुख्य मजकूर त्यांचाच आहे.

अडचणी खऱ्या आहेत. पत्राचा कागद ज्याला पत्र आले त्याचा, पण मजकुराचा हक्क लिहिणाऱ्याचा आणि त्याच्या वारसांचा. आलेली पत्रे घराघरांत, संस्थांत, पुराभिलेखागारात विखुरलेली. हे काम जयंतीच्या तारखेला बांधलेल्या समितीच्या आवाक्यातले नाही. त्याला कायमचे संपादकीय कार्यालय हवे, मराठी, मोडी आणि इंग्रजी हस्ताक्षर लावणारी माणसे हवीत आणि जे जुळेल ते लगेच खुले करणारे संकेतस्थळ हवे. एखाद्या खेड्यातून बाबासाहेबांना पत्र धाडणारा कार्यकर्ता त्यांच्या राजकारणाचा घडवणारा होता. तो वगळला की नेता एकटाच विचार करत होता असा भास होतो आणि मग त्याची पूजा करणे सोपे जाते.

म्हणून पुढची समिती नेमाल तेव्हा शासननिर्णयातल्या ‘लेखन आणि भाषणे’ या शब्दांपुढे फक्त एवढे वाढवा : ‘आणि त्यांना आलेली पत्रे’.