आदेश पाळायचा कोणी?

कायद्यापुढे सगळे समान, हे वाक्य मी नागरिकशास्त्राच्या तासाला कित्येक वर्षे शिकवले. वाक्य खोटे नाही. पण कामगार आणि मालक यांच्या भांडणात कोर्टाचा आदेश येतो, तेव्हा ते जरा तपासून पाहावेसे वाटते. दोन उदाहरणे घेऊ.

पहिले आपल्या एसटीचे. २०२१ च्या दिवाळीच्या सुमारास कर्मचारी विलीनीकरणासाठी संपावर गेले. उच्च न्यायालयाने संपाला मनाई केली, तरी संप चालूच राहिला. महामंडळाने अवमान याचिका दाखल केली. निलंबने झाली, बडतर्फी झाली. एप्रिल २०२२ मध्ये न्यायालयाने २२ तारखेपर्यंत कामावर या म्हटले, आणि येणाऱ्यांच्या नोकऱ्या जाणार नाहीत हेही पाहिले. त्यात शहाणपणा होता. आदेश मोडणे चूकच. खेड्यापाड्यातल्या मुलांची शाळा त्या संपाने बुडाली, हे मी विसरत नाही.

दुसरे उदाहरण वर्तमानपत्रांचे. मजिठिया वेतन मंडळाची वेतनश्रेणी सर्वोच्च न्यायालयाने ७ फेब्रुवारी २०१४ रोजी उचलून धरली. थकबाकी एका वर्षात, चार समान हप्त्यांत द्या, असे स्पष्ट सांगितले. पुष्कळ मालकांनी दिली नाही. पत्रकार आणि कामगार अवमान याचिका घेऊन गेले. १९ जून २०१७ रोजी निकाल लागला. कंत्राटी कर्मचाऱ्यांनाही ही वेतनश्रेणी लागू आहे, हे न्यायालयाने मान्य केले. पण मालकांनी आदेशाचा अर्थ चुकीचा लावला असेल, हेतुपुरस्सर अवज्ञा केली असे म्हणता येत नाही, म्हणून अवमान नाही! पैशासाठी ज्याने त्याने कायद्यात नेमलेल्या अधिकाऱ्याकडे जावे.

कायद्याच्या भाषेत हे बरोबरच आहे. १९७१ च्या अवमान कायद्यात दिवाणी अवमानासाठी अवज्ञा हेतुपुरस्सर असावी लागते. पण मंडळी, हा शब्द कोणाच्या उपयोगी पडतो ते पाहा. संप लपत नाही, आगारात उभ्या गाड्या सगळ्या गावाला दिसतात. बुडवलेला पगार मात्र हिशेबाच्या वहीत गुपचूप बसतो, आणि त्याचा वेगळा अर्थ लावून द्यायला वकील असतात.

गृहपाठ न केलेला मुलगा म्हणाला, "प्रश्नच कळला नव्हता", तर मी छडी मारणार नाही. पण तिथेच बसवून गृहपाठ पुरा करून घेईन. दुसऱ्या सरांकडे पाठवणार नाही.

माझे म्हणणे एवढेच. मालकाला तुरुंगात टाकून कामगाराची चूल पेटत नाही. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यातले कलम १७-ब पाहा. कामगाराला परत घ्या या निवाड्याविरुद्ध मालक वरच्या कोर्टात गेला, आणि कामगार दुसरीकडे नोकरीला नसला, तर निकाल लागेपर्यंत शेवटचा पगार द्यावा लागे. हेच तत्त्व थकबाकीलाही लावावे. वाद ज्या रकमेबद्दल नाही ती आधी कोर्टात भरा, अर्थ काय लावायचा ते मग सावकाश भांडा.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पण ज्याचा पगारच अडला आहे, त्याने दुसरी कुठली पायरी चढावी? तो जिंकून खाली उतरला, तर त्याच्या हातात निकालाच्या कागदाबरोबर पैसेही असले पाहिजेत. कोर्टाचा खरा मान त्यातच आहे.