पदवीचं नाव नको, पाया बघा

मागच्या महिन्यात बीडहून खालाचा फोन आला. "बेटा, तू इंजिनिअर आहेस, तूच काय ते सांग." तिच्या मुलीने बारावी सायन्स केलंय, गणित आणि बायोलॉजी दोन्ही घेऊन. तिच्या हातात एका खासगी विद्यापीठाचं माहितीपत्रक होतं. बी.टेक., आणि पुढे मोठ्या अक्षरांत 'न्यूरोटेक्नॉलॉजी'. चार वर्षांची फी सोळा लाख. त्यासाठी खालूंच्या नावावरचा प्लॉट विकायची तयारी चालली होती.

तीन वर्षांपूर्वी खालूंना अर्धांगवायू झाला. हात-पाय हळूहळू चालू लागले, बोलणं मात्र परत आलं नाही. मुलीने मोबाइलवर एक व्हिडिओ पाहिला होता. वाचा गेलेली बाई, मेंदूवर बसवलेले इलेक्ट्रोड आणि पडद्यावर उमटणारी तिची वाक्यं. "भाईजान, मला हेच शिकायचंय. अब्बूंसाठी."

मी आठवडाभराची मुदत मागितली. नंतर तिला जे सांगितलं, ते इथे लिहितोय, कारण असं माहितीपत्रक उद्या तुमच्याही घरी येईल.

आधी त्या व्हिडिओबद्दल. ऑगस्ट 2023 मध्ये 'नेचर' या विज्ञान नियतकालिकात दोन गटांचं काम छापून आलं. स्टॅनफर्डच्या गटाने मिनिटाला 62 शब्दांचा वेग गाठला, सॅन फ्रान्सिस्कोच्या गटाने 78. आपण गप्पा मारताना साधारण 150 ते 160 शब्द बोलतो. सॅन फ्रान्सिस्कोच्या प्रयोगातल्या बाईला मेंदूच्या देठात झटका आला होता. तिचा मेंदू वाक्य तयार करत होता, फक्त ते तोंडापर्यंत पोचवणारी वाट तुटली होती. खालूंचं तसं नाही. त्यांना अफेजिया आहे, म्हणजे शब्द जिथे जुळतात त्या भागालाच इजा झाली आहे. आजचं हे यंत्र त्यांना बोलतं करणार नाही. हे तिला सांगताना माझी जीभ जड झाली. पण चुकीच्या आशेवर प्लॉट विकला गेला असता, तर ते ओझं त्याहून जड होतं.

दुसरी गोष्ट, ही यंत्रं बनवली कोणी? स्टॅनफर्डच्या कामामागे दोन प्रमुख माणसं होती. जेमी हेंडरसन हे मेंदूचे सर्जन आणि क्रिष्णा शेनॉय हे इलेक्ट्रिकल इंजिनिअर. शेनॉय यांची पीएच.डी. एमआयटीतून इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंगमध्ये झाली. मेंदूकडे ते त्यानंतर वळले. जानेवारी 2023 मध्ये त्यांचं निधन झालं. ते काम छापून आलेलं त्यांना पाहता आलं नाही. त्यांच्या पदवीवर 'न्यूरोटेक्नॉलॉजी' लिहिलेलं नव्हतं. पाया पक्का होता, म्हणून मेंदूचं शास्त्र त्यावर चढवता आलं.

पाया म्हणजे काय, ते मी स्वतः ठेच खाऊन शिकलो. ईईजीमध्ये डोक्यावरून मिळणारा सिग्नल काही दशक मायक्रोव्होल्टचा असतो. 50 मायक्रोव्होल्ट धरले, तर पेन्सिल सेलच्या दीड व्होल्टचा तीस हजारावा भाग. कॉलेजात 'सिग्नल्स अँड सिस्टिम्स'मधलं फूरिए मी परीक्षेपुरतं घोकलं होतं. नोकरीत स्थिरावल्यावर हौसेने 'फिजिओनेट'वरचा ईईजीचा मोफत डेटा उतरवला. त्यात 109 स्वयंसेवक आहेत, प्रत्येकाच्या डोक्यावर 64 इलेक्ट्रोड. माझा प्रोग्राम फार अचूक उत्तरं देऊ लागला. मी खूश. नंतर कळलं, तो मेंदू वाचतच नव्हता, डोळ्यांची उघडझाप पकडत होता. पापणी लवली की तिचा सिग्नल मेंदूच्या सिग्नलपेक्षा कितीतरी मोठा येतो. कोडिंग मला येत होतं, पण सिग्नल समजत नव्हता.

म्हणून माझं मत सांगतो. पहिली पदवी रुंद घ्या, खास विषय नंतर. गणित आवडत असेल तर इलेक्ट्रॉनिक्स, कॉम्प्युटर, इलेक्ट्रिकल किंवा बायोमेडिकल. 2020 पासून गेटमध्ये बायोमेडिकलचा वेगळा पेपर आहे, त्यामुळे एम.टेक.चा रस्ता उघडा आहे. गणित आणि शरीरशास्त्र दोन्ही सोडवत नसेल, तर आयआयटी मद्रासने 2023 मध्ये मेडिकल सायन्सेस अँड इंजिनिअरिंगची चार वर्षांची बी.एस. सुरू केली आहे, ती बघा. आणि गणित नकोच असेल तरी दार बंद नाही. वांद्र्याच्या अली यावर जंग संस्थेत आणि म्हैसूरच्या वाक् व श्रवण संस्थेत स्पीच थेरपी आणि ऑडिओलॉजीची पदवी आहे. कॉक्लिअर इम्प्लांट बसवल्यावर मुलाला ऐकायला आणि बोलायला शिकवणारा माणूस लागतोच.

फी भरण्याआधी चार प्रश्न विचारा. अभ्यासक्रमात सिग्नल्स, लिनिअर अल्जिब्रा, प्रोबॅबिलिटी आणि प्रोग्रामिंग आहे का? शिकवणारे कोण, त्यांनी या क्षेत्रात काय काम केलंय? कोणत्या हॉस्पिटलशी प्रत्यक्ष संबंध आहे? आणि न्यूरोटेकमध्ये नोकरी मिळाली नाही, तर याच पदवीवर दुसरी कोणती मिळेल? शेवटच्या प्रश्नाला उत्तर नसेल तर माहितीपत्रक परत करा.

त्या माहितीपत्रकात पहिला विषय नव्हता, चौथ्याचं उत्तर कोणी दिलं नाही. मुलीने सीईटीच्या मार्कांवर सरकारी कॉलेजातलं इलेक्ट्रॉनिक्स पहिल्या पसंतीला टाकलंय. खालूंसाठी आता स्पीच थेरपिस्ट आठवड्यातून दोनदा येतात. मुलगी शेजारी बसून शिकते आणि उरलेले दिवस स्वतः सराव घेते. प्लॉट अजून खालूंच्याच नावावर आहे.

आपल्या मोहल्ल्यात ज्यांनी इंजिनिअरिंग केलंय, त्यांना एक विनंती. निकालाच्या दिवसांत शेजारच्या मुलांबरोबर तासभर बसा आणि अशी माहितीपत्रकं ओळ न् ओळ वाचा. त्यांच्या घरात ती वाचून दाखवणारं बहुतेकदा दुसरं कोणी नसतं.