विश्लेषण : एका सहीने पूर्व जर्मनीचा लाडका अभिनेता बेकार कसा झाला?

लंडनमधला रशियन माफियाप्रमुख, युद्धगुन्ह्यांचा आरोप असलेला हंगेरियन बाप, बाल्टिमोरचे ज्यू आजोबा आणि गाडी धड चालवता न येणारा न्यूयॉर्कचा टॅक्सीचालक. ‘ईस्टर्न प्रॉमिसेस’, ‘म्युझिक बॉक्स’, ‘अ‍ॅव्हलॉन’ आणि ‘नाइट ऑन अर्थ’मधल्या या चारही भूमिका आर्मिन म्युलर-श्टाल या जर्मन चरित्र अभिनेत्याच्या. हॉलीवूडमध्ये ते पोहोचले साठीच्या उंबरठ्यावर. त्याआधीचे त्यांचे आयुष्य मात्र राजसत्ता आणि कलावंत यांच्या नात्याबद्दल अधिक सांगते.

सुरुवात कुठून झाली?

म्युलर-श्टाल यांचा जन्म १७ डिसेंबर १९३० रोजी टिल्झिटचा. तेव्हा जर्मनीत असलेले हे शहर आज रशियात आहे. शिक्षण व्हायोलिनचे, पण ओढ नाटकाची. पूर्व बर्लिनच्या रंगभूमीवरून ते चित्रपटांत आले. ‘नेकेड अमंग वुल्व्ज’ (१९६३) या छळछावणीवरील चित्रपटाने त्यांचे नाव झाले. १९७३ पासून ‘दास उनझिश्टबारे विझियर’ या दूरचित्रवाणी मालिकेत ते ‘स्टासी’ या गुप्त पोलीस यंत्रणेचा नायक-हेर साकारत होते. म्हणजे सरकारला हवा तसा नायक घराघरांत पोहोचवणारा हा चेहरा होता.

१९७६ मध्ये काय घडले?

गायक-कवी वोल्फ बीरमान हे पश्चिम जर्मनीत कार्यक्रमासाठी गेले असताना पूर्व जर्मनीच्या सरकारने त्यांचे नागरिकत्व काढून घेतले. निर्णयाचा फेरविचार करावा, अशी विनंती लेखकांनी केली. पाठोपाठ अनेक कलावंतांनी सह्या केल्या. त्यांत म्युलर-श्टाल होते. सही मागे घेण्यास त्यांनी नकार दिला आणि काम आटत गेले.

सरकारला हे इतके सोपे का गेले?

कारण काम देणारा एकच होता. चित्रपट बनवणारी ‘डेफा’ सरकारी, दूरचित्रवाणीही सरकारी. अशा ठिकाणी अभिनेत्यावर जाहीर बंदी घालावी लागत नाही. त्याला भूमिका न देणे पुरते. कवी निदान घरी बसून लिहू शकतो. अभिनेत्याला कॅमेरा लागतो, रंगमंच लागतो. सक्तीच्या या रिकामपणात म्युलर-श्टाल यांनी कादंबरी लिहिली आणि १९८० मध्ये कुटुंबासह पश्चिम जर्मनी गाठली.

पुन्हा उभे कसे राहिले?

पन्नाशीच्या तोंडावर नवी सुरुवात करावी लागली. दिग्दर्शक फासबिंडर यांच्या ‘लोला’ (१९८१) आणि ‘वेरोनिका फॉस’ (१९८२) या चित्रपटांनी पश्चिमेला त्यांची ओळख पटली. ‘म्युझिक बॉक्स’ने (१९८९) अमेरिकेचे दार उघडले. इंग्रजी उच्चारांत जर्मन वळण होते, पण स्थलांतरितांच्या भूमिकांत तेच कामी आले. ‘शाइन’मधल्या (१९९६) हुकूमशाही वृत्तीच्या पित्यासाठी त्यांना सहायक अभिनेत्याचे ऑस्कर नामांकन मिळाले. या भूमिकेत आरडाओरडा कमी आहे. मुलावरचे प्रेम आणि त्याच्यावरची पकड एकाच नजरेत दिसते. पुढे जर्मन दूरचित्रवाणीवर ‘दी मान्स’मध्ये (२००१) त्यांनी लेखक थॉमस मान साकारला. हिटलरच्या काळात देश सोडावा लागलेल्या लेखकाची ही भूमिका होती.

यातून काय घ्यायचे?

म्युलर-श्टाल हे जन्मजात बंडखोर नव्हते. त्यांनी व्यवस्थेत राहून काम केले, तिचा नायकही रंगवला. म्हणूनच त्या सहीचे मोल मोठे. गमावण्यासारखे काही नसलेल्याने सही करणे वेगळे आणि लोकप्रियतेच्या शिखरावर असताना करणे वेगळे.

मात्र ही केवळ जिद्दीची गोष्ट मानणे चूक ठरेल. सीमेपलीकडे तीच भाषा बोलणारा दुसरा देश होता, म्हणून ते वाचले. ज्यांना असा शेजार नसतो, त्यांची कारकीर्द तिथेच संपते आणि त्यांची नावेही उरत नाहीत. कलावंताला बोलण्याचे स्वातंत्र्य कायद्याने दिले, तरी त्याला काम देणारे हात अनेक असावे लागतात. सगळी कामे एकाच दारातून येऊ लागली, की ते दार कोणाचेही असो, सही करण्याआधी माणूस दहादा विचार करतो. बहुतेकदा मग तो सही करतच नाही.