खाण बंद झाली, पोकळी तशीच

ऑगस्ट २०२२. चंद्रपूर जिल्ह्यातलं घुग्घुस. आमराई वॉर्डातलं एक अख्खं घर बघता बघता जमिनीत गडप झालं. घरातली माणसं वेळीच बाहेर पळाली म्हणून वाचली. शेजारच्या कुटुंबांनाही घरं सोडावी लागली. वस्तीखाली जुनी, बंद पडलेली भूमिगत कोळसा खाण होती.

हे आत्ता का आठवायचं? २०२४-२५ मध्ये देशाने पहिल्यांदाच वर्षाला १०० कोटी टन कोळशाचा टप्पा ओलांडला. त्यातला बहुतेक कोळसा खुल्या खाणींतला. म्हणजे आधी झाडं काढायची, मग माती, मग सुरुंग लावून खडक. चंद्रपूर-वणी भागात एसटीतून दिसणारे ते ‘डोंगर’ म्हणजे हाच उपसा! खाण खोल जाते तसं आसपासच्या विहिरींचं पाणी तिच्याकडे ओढलं जातं आणि पावसात ढिगाऱ्यांची माती नाल्यात उतरते.

म्हणून आता भूमिगत खाणींना ‘हिरवा पर्याय’ म्हणतात. २०३० पर्यंत तिथून वर्षाला १० कोटी टन काढायचं केंद्राचं उद्दिष्ट आहे. शेत जात नाही, जंगल तुटत नाही, ऐकायला भारीच वाटतं. पण मेख पुढे आहे. जुन्या पद्धतीत बोगदे खणताना छत पेलायला कोळशाचेच खांब ठेवतात. शेवटी तेही काढायचे असतात. मग छत कोसळू द्यायचं, नाहीतर पोकळीत वाळू भरायची. कोसळू दिलं तर वरची जमीन खचते. वाळू भरायची तर ती नदीतूनच येणार, आणि आपल्या नद्यांत ती उरलीय कुठे?

वाळूऐवजी राख भरता येते. चंद्रपूरचं वीज केंद्र २९२० मेगावॉटचं, तिथे राखेचे डोंगर आहेतच. मला हा मार्ग पटतो, पण एका अटीवर: राखेतले जड धातू भूजलात उतरत नाहीत ना, हे खाण बंद झाल्यावरही कुणीतरी तपासत राहिलं पाहिजे. खर्च तिथेच आहे, आणि टाळाटाळही तिथेच होते.

नव्या खाणीसाठी जनसुनावणी लागते, तेव्हा पर्यावरण अहवालाचा मराठी सारांशही द्यावा लागतो. तुमच्या तालुक्यात लागली तर तो मागून घ्या. पोकळी कशाने भरणार आणि खाण बंद झाल्यावर जमिनीवर लक्ष कोण ठेवणार, हे त्यात कुठे लिहिलंय ते शोधा. सापडलं नाही, तर सुनावणीत माईक हातात घेऊन तेवढंच विचारा.