रॉकेटची किंमत आणि रॉकेटची ताकद

इस्रोचं एखादं उड्डाण यशस्वी झालं की इथल्या, म्हणजे अमेरिकेतल्या, मराठी व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक वाक्य हमखास फिरतं : हॉलिवूडच्या सिनेमापेक्षा कमी पैशांत आपण मंगळ गाठला! अभिमान वाटणं साहजिक आहे, मलाही वाटतो. सुमारे ४५० कोटी रुपयांत, पहिल्याच प्रयत्नात मंगळाची कक्षा गाठणं ही काही साधी गोष्ट नाही. पण या स्वस्ताईला दुसरी बाजू आहे आणि मुलांना सांगताना आपण ती गाळतो.

मंगळयान ५ नोव्हेंबर २०१३ ला निघालं. नासाचं 'मेव्हन' त्यानंतर तेरा दिवसांनी निघालं आणि आपल्यापेक्षा दोन दिवस आधी मंगळावर पोहोचलं. कारण सरळ आहे. यानाला थेट मंगळाच्या वाटेला लावण्याची ताकद पीएसएलव्हीत नव्हती. म्हणून मंगळयान जवळजवळ महिनाभर पृथ्वीभोवती घिरट्या घालत, स्वतःचं इंधन जाळत वेग वाढवत राहिलं. इंधनाला एवढी जागा लागल्यावर उपकरणांना उरली ती जेमतेम १५ किलोंची. मेव्हनवर सुमारे ६५ किलोंची उपकरणं होती.

चांद्रयान-३ चंही तसंच. १४ जुलै २०२३ ला निघालेलं ३,९०० किलोंचं यान २३ ऑगस्टला उतरलं, म्हणजे चाळीस दिवस. १९६९ मध्ये अपोलो-११ चार दिवसांत उतरलं होतं, कारण त्याच्याखाली सॅटर्न-५ होतं. आपल्या शास्त्रज्ञांनी शोधलेला लांबचा रस्ता हुशारीचाच होता, पण तो निवडावा लागला हेही तितकंच खरं. यानात माणूस नव्हता म्हणून चाळीस दिवस चालले. माणूस पाठवायचा तर त्याचं अन्न, पाणी, हवा आणि परतीचं इंधन हे सगळं वजन आलं.

हे वजन वर नेणं इतकं अवघड का? कल्पना करा, एक ट्रक घाट चढतोय आणि त्याच्या हौद्यात माल नावालाच, बाकी सगळं त्याचंच डिझेल. आपलं सर्वांत शक्तिशाली एलव्हीएम-३, म्हणजे वर्तमानपत्रांतलं 'बाहुबली', उड्डाणाच्या वेळी सुमारे ६४० टनांचं असतं आणि पृथ्वीजवळच्या कक्षेत पोहोचवतं ८ टनांच्या आसपास. दळणवळणाच्या उपग्रहांना जी उंच कक्षा लागते, तिकडे जेमतेम चार-साडेचार टन. म्हणूनच ५,८५४ किलोंचा जीसॅट-११ आपण २०१८ मध्ये युरोपच्या एरियान-५ वर फ्रेंच गयानातून पाठवला आणि ४,७०० किलोंचा जीसॅट-एन२ २०२४ मध्ये फ्लोरिडातून, स्पेसएक्सच्या फाल्कन-९ वर. उपग्रह आपला, गाडी भाड्याची. भाडं देण्यात कमीपणा नाही, पण गाडी कधी मिळेल हे मालक ठरवतो. नव्वदच्या दशकात अमेरिकेच्या दबावामुळे रशियाने क्रायोजेनिक तंत्रज्ञान द्यायला नकार दिला होता. स्वदेशी क्रायोजेनिक इंजिनाने यशस्वी उड्डाण करायला २०१४ उजाडलं. हा धडा इस्रो विसरलेली नाही.

मग मोठ्ठं रॉकेट बांधलं की प्रश्न सुटला का? तसंही नाही, आणि याचं उदाहरण आम्ही राहतो त्याच देशात आहे. नासाचं एसएलएस नोव्हेंबर २०२२ मध्ये पहिल्यांदा उडालं आणि माणसांसाठीचं ओरायन यान चंद्रापर्यंत नेऊन आलं. पण नासाच्याच महानिरीक्षकांनी त्या वर्षी हिशेब मांडला, की सुरुवातीच्या चार मोहिमांत प्रत्येक उड्डाण सुमारे ४१० कोटी डॉलरला पडेल. गुरू ग्रहाकडे निघालेलं युरोपा क्लिपर एसएलएसवरून जाणार होतं. तीन वर्षांच्या आत पोहोचलं असतं. ते अखेर ऑक्टोबर २०२४ मध्ये फाल्कन हेवीवरून निघालं, पोहोचेल २०३० मध्ये. म्हणजे ताकद विकत घेणं परवडलं नाही, तेव्हा नासानेही आपल्यासारखाच लांबचा रस्ता धरला.

जुना इतिहासही हेच सांगतो. १९७९ मध्ये 'स्कायलॅब डोक्यावर पडणार' म्हणून आपल्याकडे उडालेली घबराट ज्येष्ठांना आठवत असेल. सुमारे ७७ टनांची ती प्रयोगशाळा सॅटर्न-५ ने १९७३ मध्ये एका दमात वर नेली, आणि तेच त्या रॉकेटचं शेवटचं उड्डाण ठरलं. सोव्हिएत संघाचं एनर्जिया तर दोनदाच उडालं. नेण्यासारखं काम आणि खर्चाची सोय नसेल, तर अवजड रॉकेट पांढरा हत्ती ठरतं.

म्हणून आताची खरी शर्यत पुनर्वापराची आहे. स्टारशिपच्या चाचण्यांत स्फोट झाले, पण ऑक्टोबर २०२४ मध्ये परत आलेला बूस्टर टेक्सासातल्या मनोऱ्याने अलगद झेललाही. ब्लू ओरिजिनच्या न्यू ग्लेनचा बूस्टर नोव्हेंबर २०२५ मध्ये समुद्रातल्या जहाजावर उतरला.

भारताने हे ओळखलंय. केंद्रीय मंत्रिमंडळाने सप्टेंबर २०२४ मध्ये ८,२४० कोटी रुपयांच्या नव्या पिढीच्या रॉकेटला मंजुरी दिली. ते ३० टन वर नेईल आणि त्याचा पहिला टप्पा पुन्हा वापरता येईल. उद्दिष्ट आहे, एलव्हीएम-३ च्या तिप्पट भार दीडपट खर्चात. मुदत आठ वर्षांची. तोवर जुगाड नव्हे, रीतसर पर्याय आहे : चांद्रयान-४ चे भाग दोन रॉकेटांनी नेऊन अंतराळात जोडायचे. त्या जोडणीची चाचणी जानेवारी २०२५ मध्ये यशस्वी झाली. वालचंदनगर, पवई आणि विक्रोळीच्या कारखान्यांनी इस्रोच्या रॉकेटांचे भाग घडवलेत, तेव्हा मोठ्या रॉकेटच्या कामात महाराष्ट्रालाही वाटा मागता येईल.

२०३५ पर्यंत स्वतःचं अंतराळ स्थानक आणि २०४० पर्यंत चंद्रावर भारतीय माणूस, ही उद्दिष्टं जाहीर झाली आहेत. ती १५ किलोंच्या हिशेबात बसत नाहीत. त्यामुळे पुढच्या वेळी ग्रुपवर 'किती स्वस्तात' हा मेसेज आला, तर जरूर अंगठा द्या. पण सोबत दोन प्रश्नही विचारा : किती टन नेलं, आणि तेच रॉकेट पुन्हा कधी उडणार?