पहाऱ्यावरची वीणा

आमच्या चिखलोलीत अखंड हरिनाम सप्ताहाच्या तयारीची बैठक भरली, तेव्हा एक सूचना पुढे आली. रात्री बारा ते पहाटे चार या वेळात वीणेच्या पहाऱ्याला माणसे मिळत नाहीत. तेव्हा तेवढा वेळ भजनाचे ध्वनिमुद्रण लावून ठेवावे, म्हणजे नामात खंडही पडणार नाही आणि कोणाला जागरणही होणार नाही. सूचना करणारे गृहस्थ नास्तिक नाहीत, उलट सप्ताहासाठी सर्वांत अधिक राबणाऱ्यांपैकीच एक आहेत. बैठकीत फारसा विरोध झाला नाही. मला मात्र ही सूचना पटली नाही. ती का पटली नाही, हे सांगण्यासाठीच हा लेख.

ज्यांनी सप्ताह जवळून पाहिलेला नाही, अशा मित्रमैत्रिणींसाठी थोडे सांगते. पहाटे काकडा, सकाळी ज्ञानेश्वरीचे पारायण, सायंकाळी हरिपाठ, रात्री कीर्तन आणि त्यानंतर जागर, असा सात दिवसांचा क्रम असतो. शेवटच्या दिवशी काल्याचे कीर्तन होते. परंतु या साऱ्यांना बांधून ठेवणारा धागा म्हणजे वीणा. पहिल्या दिवशी ती एकाच्या गळ्यात पडते आणि सातव्या दिवसापर्यंत जमिनीला टेकत नाही. वीणेकरी उभ्याने नाम घेतो, सोबतीला एकदोन टाळकरी असतात. त्याची वेळ संपली की दुसरा येतो, दोघे एकमेकांच्या पाया पडतात आणि वीणा या गळ्यातून त्या गळ्यात जाते. पाया पडताना कोण थोरला, कोण धाकटा, हे पाहिले जात नाही. माझे आजोबा म्हणत, "पोरी, वीना खाली ठेवाची नाय. ती गावाची हाय."

आजोबांच्या या वाक्यातच माझ्या मताचे सार आहे. वारकऱ्यांचे भजन ही मैफल नव्हे. मैफलीत एक गातो व बाकीचे ऐकतात. येथे एकाने चरण म्हणायचा आणि सर्वांनी तो उचलायचा. चाली अशा की ज्याला सारेगम ठाऊक नाही त्यालाही त्या धरता याव्यात. हातात टाळ असा की बेसूर माणसालाही ठेक्यात जागा मिळावी. सुरेल गळा नसलेल्यांसाठीच जणू हे संगीत घडले आहे. ध्वनिमुद्रणातला गायक आमच्यापेक्षा शंभर पटींनी चांगला गात असेल, पण त्याच्या गाण्यात आम्हांला जागा नाही. शिवाय ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांप्रमाणे रात्री दहा ते सकाळी सहा या वेळात उघड्यावर ध्वनिवर्धक लावण्यास एरवी मनाईच आहे. म्हणजे यंत्र हळू आवाजात रिकाम्या मंडपात गाणार आणि ऐकायलाही कोणी नसणार! नाम घेणारा नाही, ऐकणारा नाही. मग अखंड राहिले ते काय? केवळ विजेचा प्रवाह.

अडचण खोटी आहे असे मी म्हणत नाही. गाव शेतीवर होता तेव्हा रात्र माणसांच्या मालकीची होती. आज आमच्या घरांतली माणसे औद्योगिक वसाहतीत पाळ्यांवर जातात, नाहीतर पहाटेची लोकल पकडून मुंबई गाठतात. यंत्रासमोर रातपाळी करून आलेल्या माणसाला, दोन तास वीणा घेऊन उभा राहा, असे कोणत्या तोंडाने सांगावे? पण त्यावर माणसाऐवजी यंत्र उभे करणे हाच एक उपाय आहे काय?

मला दोन मार्ग दिसतात. पहिला, सप्ताह तीन दिवसांचा करावा. परंपरा मोडली, असे कोणी म्हणेल. पण आज आपण जिला परंपरा म्हणतो तिची घडीही माणसांनीच बसवली आहे. तुकोबांचे पुत्र नारायणमहाराज यांनी १६८५ साली पालखी सोहळा सुरू केला. हैबतबाबा आरफळकरांनी १८३२ च्या सुमारास माऊलींच्या सोहळ्याला शिस्त लावली. जोगमहाराजांनी १९१७ साली आळंदीस वारकरी शिक्षण संस्था काढली. प्रत्येकाने आपल्या काळाची गरज पाहूनच हे केले.

दुसरा मार्ग मला अधिक जवळचा वाटतो. आमच्या गावात वीणा आजवर पुरुषांच्याच गळ्यात राहिली आहे. बायका तुळस डोक्यावर घेतात, हरिपाठात फेर धरतात, साऱ्या मंडपाचा स्वयंपाक करतात. आणि माणसे कमी पडली तेव्हा बैठकीला यंत्र आठवले, पण आम्ही आठवलो नाही! मुक्ताबाई, जनाबाई, सोयराबाई, बहिणाबाई यांचे अभंग जो संप्रदाय शतकानुशतके गातो, त्याच्या वीणेला बाईचा हात का चालू नये? १९४७ साली साने गुरुजींनी उपोषण केले तेव्हा विठ्ठलमंदिर हरिजनांना खुले झाले. त्यावेळीही परंपरा बुडेल, असे म्हणणारे होतेच. पण पंढरीची वारी थांबली नाही.

पुढच्या बैठकीत मी हे उभी राहून सांगणार आहे. घरात आईला विचारले. ती थोडा वेळ गप्प राहिली, मग म्हणाली, "बारा ते दोन मी उभी राहीन. दोनला तू ये." कोणी परवानगी देईल की नाही, हे मला आज ठाऊक नाही. पण आपल्या महाविद्यालयात आसपासच्या गावांतून येणारे कितीतरी जण आहेत, आणि प्रत्येकाच्या गावात हा प्रश्न आज ना उद्या येणारच आहे. त्यांना माझी एवढीच विनंती आहे, की ध्वनिमुद्रण लावण्यापूर्वी एकदा स्वतःला विचारावे: वर्षातून दोन तास उभे राहणे मला खरोखरच जमणार नाही काय?