सुकेळीच्या चढावर गाडी थांबवून दाखवा

मा. परिवहन आयुक्त,
महाराष्ट्र राज्य, यांस


नंबरप्लेटवर ‘एमएच 06’ दिसले की गाडी पेणच्या उपप्रादेशिक परिवहन कार्यालयाच्या दफ्तरातली, हे रायगडात शाळकरी पोरही सांगेल. पनवेलला ‘एमएच 46’ मिळाले आणि उत्तरेकडचे तालुके तिकडे गेले. तरीही अलिबागपासून खाली महाड-पोलादपूर आणि तिकडे श्रीवर्धनपर्यंतचा लांबलचक पट्टा पेणच्याच पदरात राहिला. रोहा या पट्ट्याच्या मधोमध आहे. रोह्याहून रेल्वेने निघाले की निडी, नागोठणे, कासू आणि मग पेण, असा चाळीसेक किलोमीटरचा पल्ला. नकाशावर हे अंतर काहीच नाही. मात्र पहिल्यांदा लायसन्स काढायला निघालेल्या माणसाला दिवसाची रजा टाकावी लागते, परतीच्या गाडीची वेळ सांभाळावी लागते आणि कागदांची पिशवी दहादा तपासावी लागते.

समजा, धाटावच्या एमआयडीसीत नुकतीच नोकरीला लागलेली एक तरुणी आहे. पाळी सुटते त्या वेळी एसटी नसते, म्हणून तिला स्कूटर हवी आहे. कायद्याची तिच्याकडून अपेक्षा माफक आहे. तिला अठरा वर्षे पूर्ण झालेली असावीत, वयाचा आणि पत्त्याचा पुरावा असावा आणि प्रकृतीबद्दल तिने स्वतःच भरून द्यायचा नमुना क्रमांक 1 असावा. या नमुन्यातले प्रश्न गमतीचे वाटले तरी नेमके आहेत. फेफरे येते का? भर उजेडात 25 मीटरवरची नंबरप्लेट वाचता येते का? डॉक्टरचा दाखला, म्हणजे नमुना 1-अ, तिला लागत नाही. तो चाळिशी ओलांडलेल्यांना आणि व्यावसायिक वाहन चालवणाऱ्यांना लागतो. केंद्रीय मोटार वाहन नियम 32 प्रमाणे शिकाऊ लायसन्सचे एका वाहनप्रकाराला 150 रुपये, परीक्षेचे 50, पुढे चालवण्याच्या चाचणीचे 300 आणि पक्क्या लायसन्सचे 200. स्मार्ट कार्ड आणि टपाल धरून आणखी थोडे. एकूण हिशेब फार मोठा होत नाही.

आणि तरीही तिच्या शेजारपाजारची बहुतेक मंडळी तिला पहिला सल्ला देणार तो एजंट गाठण्याचा.

एजंटाला नावे ठेवणे सोपे आहे. तो नेमके काय विकतो, हे पाहणे जास्त उपयोगाचे. ‘सारथी’ या सरकारी पोर्टलवर अर्जासाठी कुठे दाबायचे, फोटो किती केबीचा लागतो, स्लॉट कधी उघडतो, पेण कार्यालयाचा रोह्यातला कॅम्प कुठल्या तारखेला आहे आणि पाऊस लागला तर तो होणार की पुढे ढकलणार, ही त्याची खरी दुकानदारी. यातली एकही गोष्ट गुपित नाही. सरकारने ती मराठीत, ठळक अक्षरांत, लोकांच्या वाटेवर लावलेली नाही एवढेच. तेवढ्या फटीत एक धंदा आरामात उभा राहतो.

आपल्या विभागाने एक मोठे काम केले आहे, तेही नोंदवायला हवे. जून 2021 पासून राज्यात आधारच्या ओळखीवर घरबसल्या शिकाऊ लायसन्स मिळू लागले. पंधरा प्रश्न, त्यांतली नऊ उत्तरे बरोबर आली की पास, आणि परीक्षा मराठीतून देता येते. त्याआधी या पंधरा प्रश्नांसाठी रोह्याच्या मुलाला पेण गाठावे लागे किंवा कॅम्पची वाट पाहावी लागे. एक खेप वाचली, हे खरेच. पण ज्या कामासाठी माणूस समोर असणे फारसे गरजेचे नव्हते ते घरी आले, आणि जिथे त्याचे हात-पाय-डोळे तपासायचे असतात ती चाचणी जिथल्या तिथे राहिली. शिवाय सायबर कॅफेतल्या संगणकावर प्रश्न अर्जदाराने सोडवले की खुर्ची ओढून बसलेल्या दुसऱ्याच कोणी, ही शंका पहिल्या दिवसापासून घेतली जाते. ज्याने ‘पुढे शाळा आहे’ ही खूण स्वतः ओळखलेली नाही, तोही हातात कागद घेऊन रस्त्यावर येऊ शकतो.

घरबसल्याची सोय आधारशी जोडलेल्या मोबाइल क्रमांकावर चालते, ही आणखी एक मेख. पेण, सुधागड, रोहा या तालुक्यांच्या डोंगरकडेला कातकरी आणि ठाकूर वाड्या आहेत. कातकरी समाज हा केंद्राच्या यादीतला विशेष असुरक्षित आदिवासी गट. पावसाळा संपला की अनेक कुटुंबे वीटभट्ट्यांवर निघून जातात. सिम बदलते, नंबर बंद पडतो, शाळेचा दाखला अर्धवट शिक्षणामुळे हाती नसतो. अशा घरातल्या मुलाला ट्रॅक्टर किंवा टेम्पोवर चालक म्हणून काम मिळू शकते. त्याला अडवतो तो स्टिअरिंगवरचा हात नाही, ओटीपी अडवतो. 15 नोव्हेंबर 2023 ला सुरू झालेल्या पीएम-जनमन मोहिमेत आदिवासी पाड्यांवर आधार आणि इतर दाखल्यांची शिबिरे भरवली गेली. परिवहन विभागाचा एक टेबल त्याच मांडवात लागला असता तर वेगळा खर्च कितीसा आला असता?

आता मुख्य मुद्द्याकडे. शिकाऊ लायसन्स मिळाल्यावर तीस दिवस थांबून, आणि त्याची सहा महिन्यांची मुदत संपण्याआधी, पक्क्या लायसन्सची चाचणी द्यायची असते. मधल्या काळात गाडीला पुढे-मागे पांढऱ्या पाटीवर लाल ‘एल’ हवा. ते अक्षर किमान 10 सेंटीमीटर उंच असावे, इथपर्यंत नियमाने सांगून ठेवले आहे. शेजारी लायसन्सधारक माणूस बसलेला हवा. स्कूटर शिकताना मागे शिकवणाऱ्याखेरीज कोणीही नको. पेणच्या बाजारपेठेत किंवा रोह्याच्या पुलावर अशी पाटी शेवटची कधी दिसली होती, हे तिथल्या दुकानदारांनाच विचारावे.

चाचणीत काय पाहायचे, ते केंद्रीय नियम 15 मध्ये फार सुंदर लिहिले आहे. हा नियम ज्याने लिहिला त्याला घाटात गाडी चालवण्याचा अनुभव नक्की असणार. आरसा नीट लावणे, मागचे-पुढचे पाहून गाडी हलवणे, वळण घेणे, ओव्हरटेक करणे, समोरून येणाऱ्याला वाट देणे, हाताने आणि दिव्याने इशारा करणे, अचानक थांबणे, अरुंद जागेत मागे घेणे. आणि त्यातच एक कलम असे: चढावर गाडी थांबवायची आणि हँडब्रेकच्या आधाराने, मागे न सरकवता पुन्हा पुढे काढायची.

नागोठण्याहून कोलाडकडे जाताना सुकेळीची खिंड लागते. पावसात वाहतूक तुंबली की त्या चढावर गाड्यांची रांग लागते. मागे कंटेनर, पुढे एसटी आणि मध्ये परवाच लायसन्स मिळालेला नवा चालक. क्लच सुटला की गाडी फूटभर मागे येते आणि मागचा हॉर्नवर हात ठेवतो. नियमातले ते कलम म्हणजे हाच क्षण. पण राज्यातल्या अनेक ठिकाणी चाचणी म्हणजे सपाट मैदानावर दुचाकीचा एक ‘आठ’, चारचाकी थोडी पुढे, थोडी मागे, आणि सही. एकेका निरीक्षकापुढे दिवसाला एवढे अर्जदार उभे असतात की माणसागणिक मिनिटेच हाती राहतात. यात निरीक्षकाचा दोष कमी आणि गणिताचा जास्त. तरी परिणाम तोच. मुंबई–गोवा महामार्गावर उतरणाऱ्याची परीक्षा महामार्गासारख्या कशावरही होत नाही.

पुण्याजवळ भोसरीच्या आयडीटीआर संस्थेच्या आखीव ट्रॅकवर पुण्याच्या उमेदवारांची चारचाकीची चाचणी होते. म्हणजे हे महाराष्ट्रात अशक्य नाही. ब्रिटनमध्ये 1903 च्या कायद्याने लायसन्स आले तेव्हा पैसे भरले की ते मिळे. सक्तीची परीक्षा यायला 1935 उजाडले. आज तिथली चाचणी सुमारे चाळीस मिनिटे, खऱ्या रस्त्यावर, खऱ्या गर्दीत होते. पेणला लगेच चाळीस मिनिटे द्या असे कोणी म्हणत नाही. पण नियम 15 मधली यादी तरी पुरी करून घ्यावी आणि कुठल्या कारणाने नापास झाला हे अर्जदाराला लेखी सांगावे. नापास झालेल्याला सात दिवसांनी पुन्हा येता येते. तीनदा नापास झाला तर साठ दिवस थांबावे लागते. चूक कळली नाही तर ते सात दिवस कशाच्या तयारीत घालवायचे?

एक अफवाही आपल्या कार्यालयाने पुसायला हवी. 1 जून 2024 पासून आरटीओत चाचणी द्यावी लागणार नाही, खासगी स्कूलचे प्रमाणपत्र पुरे, असे संदेश मोबाइलवरून गावोगावी फिरले. केंद्रीय मंत्रालयाला खुलासा करावा लागला की नियम बदललेले नाहीत. सूट आहे ती 2021 च्या नियमांतल्या मान्यताप्राप्त प्रशिक्षण केंद्रांना. तिथे हलक्या वाहनाचा अभ्यासक्रम 29 तासांचा, त्यातले 21 तास प्रत्यक्ष चालवण्याचे, आणि केंद्राला किमान एक एकर जागा हवी. नाक्यावरच्या एका जुन्या मारुतीवर चालणाऱ्या ड्रायव्हिंग स्कूलला ही सूट लागू नाही. रोह्यातल्या पालकांना हा फरक कोणीतरी सांगायला हवा. खुलासा दिल्लीत निघाला आणि अफवा व्हॉट्सअ‍ॅपवर राहिली, असे झाले आहे.

पालकांचा विषय निघालाच आहे तर सोळा वर्षांच्या मुलांबद्दल. कायदा सोळाव्या वर्षी दुचाकी चालवू देतो, पण ती 50 सीसीपर्यंतची असेल तर. अशी गाडी आता बाजारात शोधावी लागते. कॉलेजच्या दारात उभ्या असतात त्या 110 सीसीच्या स्कूटर. अकरावीतला मुलगा त्या चालवतो तेव्हा तो विनालायसन्सच असतो. मोटार वाहन कायद्यात 2019 साली आलेल्या कलम 199-अ नुसार अशा वेळी पालकाला किंवा गाडीच्या मालकाला 25 हजार रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, गाडीची नोंदणी वर्षभरासाठी रद्द होते आणि मुलाला पंचविशीपर्यंत लायसन्स मिळत नाही. 19 मे 2024 च्या पहाटे पुण्यात कल्याणीनगरला सतरा वर्षांच्या मुलाच्या गाडीखाली दोन तरुण अभियंत्यांचा जीव गेला, तेव्हा हे कलम महाराष्ट्राला पहिल्यांदा ठळकपणे कळले. बारावीच्या वर्गात दरवर्षी एक तास त्यावर बोलायला आपल्या निरीक्षकाला रोह्यापर्यंत यावे लागेल, हे मान्य. पण तो कॅम्पसाठी येतोच.

पेणला लायसन्सचा संबंध पोटाशीही आहे. हमरापूर, जोहे आणि पेण शहरातल्या कारखान्यांतून गणपती बाहेर पडू लागले की टेम्पोचालकांना उसंत नसते. त्यांच्यासाठी 6 नोव्हेंबर 2024 चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल महत्त्वाचा आहे. हलक्या मोटार वाहनाचे लायसन्स असलेला चालक 7500 किलोपर्यंतचे मालवाहू वाहन वेगळ्या शेऱ्याशिवाय चालवू शकतो, असे पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितले. वर्षानुवर्षे विमा कंपन्या याच मुद्द्यावर भरपाई नाकारत आल्या होत्या. हा निकाल एका पानाच्या मराठी पत्रकात छापून मूर्तींच्या कारखान्यांत वाटला, तर गणपतीच्या हंगामात अनेकांचा ‘आपले लायसन्स चालेल का’ हा घोर मिटेल.

तेव्हा मागणे असे. पेण कार्यालयाच्या अखत्यारीतल्या तालुक्यांच्या कॅम्पचे तीन महिन्यांचे वेळापत्रक आधी जाहीर व्हावे. ते संकेतस्थळावर तर असावेच, शिवाय रोह्याच्या एसटी स्थानकात आणि रेल्वे स्टेशनात कागदावर लागावे. तारीख बदलली तर अर्जदाराला एसएमएस जावा. कॅम्पच्या दिवशी काही जागा ज्यांनी अर्ज स्वतः भरला त्यांच्यासाठी राखून ठेवाव्यात. 2019 च्या दुरुस्तीनंतर अर्ज राज्यातल्या कुठल्याही परवाना कार्यालयाकडे करता येतो, हेही तिथेच लिहावे. पनवेलला शिकणाऱ्या रोह्याच्या मुलाला ते माहीत नसते. शुल्काचा तक्ता मोठ्या अक्षरांत लावावा आणि त्याखाली एक ओळ असावी की यापेक्षा जास्त कोणालाही देऊ नये. आणि पेणच्या चाचणीत, जागा मिळेल तिथे, मातीचा का होईना एक चढ बांधून घ्यावा.

बारावीचे निकाल लागले की अठरा पूर्ण झालेल्या मुलांचे अर्ज एकदम वाढतात. पहिले वेळापत्रक त्याआधी, एप्रिलमध्ये निघाले तर धाटावच्या त्या तरुणीला रजा कधी टाकायची ते निदान आधी ठरवता येईल.

कळावे,
रोहा तालुक्यातील एक वाचक